थांबलेले घड्याळ

धर्मशिक्षणाच्या वर्गात मुले जे प्रश्न विचारतात, त्यांची उत्तरे सेमिनरीत आम्हांला कोणी शिकवली नाहीत. गेल्या वर्षी आम्ही यहोशवाच्या ग्रंथातील दहावा अध्याय सांगत होतो. सूर्य गिबोनावर आणि चंद्र अयालोनच्या खोऱ्यावर स्थिर झाला, हे ऐकताच आठवीतला एक मुलगा उठून उभा राहिला. "फादर, सूर्य थांबला म्हणजे खरी पृथ्वी थांबली. मग ब्रेक मारल्यावर एस.टी.तली माणसे पडतात, तशी सगळी माणसे पडली कशी नाहीत?"

वर्ग हसला. आम्हीही हसलो आणि, खरे सांगायचे तर, हळूच मनगटावरील घड्याळाकडे पाहिले. तास संपायला पाच मिनिटे उरली होती. तो उतारा प्राचीन इस्राएलच्या विजयगीतातला आहे, ग्रंथकार स्वतःच याशारच्या ग्रंथाचा हवाला देतो, काव्याला भूगोलाची फूटपट्टी लावू नये, असे सांगून आम्ही ती पाच मिनिटे निभावून नेली. मुलाचे समाधान झाले नाही. ते होऊ नये, हेच बरे.

कारण त्याचा प्रश्न सव्वाशे वर्षांपूर्वी एका मोठ्या लेखकालाही पडला होता. एच. जी. वेल्स या इंग्रज लेखकाची १८९८ सालची एक कथा आहे. फॉदरिंगे नावाच्या एका सामान्य कारकुनाला अचानक चमत्कार करण्याची शक्ती लाभते. तो सल्ला घेण्यासाठी गावातील पाळकाकडे जातो. पाळकसाहेबांना उत्साहाचे भरते येते. एका रात्रीत गावाचे किती भले करता येईल, याची यादी वाढतच जाते आणि रात्र मात्र सरत येते. तेव्हा ते सुचवतात, यहोशवासारखी वेळच थांबवा की! फॉदरिंगे पृथ्वीला थांबण्याचा हुकूम देतो. पृथ्वी थांबते, पण तिच्या पाठीवरचे काहीच थांबत नाही. विषुववृत्तावर पृथ्वीचा वेग ताशी सुमारे १,६७० किलोमीटर आहे. आपल्या वसईच्या अक्षांशावरही तो दीड हजारांहून अधिक भरतो. घरे, झाडे, गुरे, माणसे त्याच वेगाने भिरकावली जातात. सत्कार्यासाठी वेळ हवा म्हणून साऱ्या जगाचा चक्काचूर होतो, आणि तो सल्ला देणारा आमच्याच पंथाचा नसला तरी आमच्याच पेशाचा माणूस असतो! ही कथा वाचताना आम्ही प्रत्येक वेळी हसतो, पण ते हसू घशाशी जरा अडकते.

त्याच वेल्सने १९०१ साली आणखी एक युक्ती योजली. त्याच्या 'द न्यू अ‍ॅक्सिलरेटर' या कथेत गिबर्न नावाचा प्राध्यापक एक औषध तयार करतो. ते घेणाऱ्याचे शरीर आणि मन कित्येक पटींनी वेगाने चालू लागते, त्यामुळे भोवतालचे जग त्याला थांबल्यासारखे भासते. प्राध्यापक आणि त्याचा मित्र इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील फोकस्टन या गावी समुद्राकाठी फेरफटका मारतात. सायकलस्वार जागच्या जागी खिळलेला, मधमाशी हवेत गोगलगाईच्या गतीने सरकणारी, वाद्यवृंदाचे वादक पुतळ्यांसारखे बसलेले. हे दोघे मात्र हिंडत असतात. पण हवेच्या घर्षणाने त्यांचे कपडे करपू लागतात. लेखकाने गंमत केली आहे. तरी त्यात शहाणपण आहे. थांबलेल्या जगातून धावणारा माणूस पोळल्यावाचून राहत नाही.

परंतु ज्या कथेने आम्हांला खरोखर पकडून ठेवले, ती या दोन्हींपेक्षा लहान आणि शांत आहे. गोरेगावच्या सेमिनरीत शिकत असताना, १९९३ साली, फ्लोरा फाउंटनच्या पदपथावर एक जुना इंग्रजी कथासंग्रह आम्ही दहा रुपयांना घेतला. त्यात उत्तर आयर्लंडच्या बॉब शॉ या लेखकाची 'लाइट ऑफ अदर डेज' ही १९६६ सालची कथा होती. या लेखकाने ना औषध शोधले, ना चमत्कार. त्याने एक काच शोधली. तिला त्याने नाव दिले मंद काच.

या काचेतून प्रकाश आरपार जातो, पण अतिशय सावकाश. दहा वर्षांच्या जाडीची काच असली, तर आज तिच्या एका बाजूवर पडलेला उजेड दुसऱ्या बाजूने दहा वर्षांनी बाहेर येतो. म्हणून व्यापारी अशा काचा डोंगरात, तळ्याकाठी, रानात वर्षानुवर्षे उभ्या करून ठेवतात आणि मग शहरातल्या कोंदट घरांना विकतात. गल्लीकडे तोंड असलेल्या खिडकीत तशी काच बसवली की पुढची दहा वर्षे घरातून डोंगर दिसतो, त्यावरचे ढग आणि ऋतूही दिसतात. कथेतील एक जोडपे स्कॉटलंडच्या पहाडी भागात अशीच काच घ्यायला जाते. त्यांचे आपापसात पटत नाही; पत्नीला दिवस गेले आहेत आणि दोघांनाही त्याचा आनंद नाही. काच विकणारा हेगन बाहेर कुंपणाच्या दगडी भिंतीवर बसलेला असतो. त्याच्या घराच्या खिडकीत एक तरुण स्त्री आणि लहान मूल दिसते. पाहुण्यांना त्या सुखी घराचा हेवा वाटतो. पुढे काही निमित्ताने पत्नी दार उघडते, तो आत एकच पसारलेली, धुळीने भरलेली खोली. स्त्री नाही, मूल नाही. ती दोघे सहा वर्षांपूर्वी रस्त्यावर एका बेदरकार मोटारीखाली गेली आहेत. खिडकीला मंद काच आहे, आणि हेगन रोज बाहेर बसून आपला संसार पाहत आहे.

वाचकहो, ही निव्वळ कल्पना आहे, हे खरे. पण माणसाची कल्पना ज्या दाराशी बसून राहते, ते दार विज्ञान कधी कधी किंचित किलकिले करते. १९७१ साली हाफेले आणि कीटिंग या दोन अमेरिकन शास्त्रज्ञांनी अणुघड्याळे साध्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली. पूर्वेकडे गेलेली घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा सेकंदाच्या सुमारे ५९ अब्जांश मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ अब्जांश पुढे गेली. काळ सर्वत्र सारखा वाहत नाही, हे आइन्स्टाइनचे म्हणणे घड्याळांनीच कबूल केले. १९९९ साली लेने हाऊ या डॅनिश विदुषीने अमेरिकेत अतिशीत सोडियम अणूंच्या ढगातून प्रकाश सेकंदाला १७ मीटर, म्हणजे ताशी साठ-एकसष्ट किलोमीटर वेगाने नेला. आपली विरार लोकलही तेवढी धावते. २००१ साली तर तो सेकंदाच्या हजाराव्या भागापुरता थांबवून पुन्हा सोडण्यात आला. हजारावा भाग! हेगनला त्याचा काय उपयोग होता? आणि आम्हांला तरी?

आम्हांला म्हटले, त्याचे कारण आता सांगितले पाहिजे.

आमच्या धर्मग्रामातील घराच्या दिवाणखान्यात एक लंबकाचे घड्याळ आहे. लाकडी पेटीचे, आठवड्याला एकदा किल्ली द्यावी लागणारे. ते आमच्या आईचे. रविवारी मिस्सा करून घरी आल्यावर, डोक्यावरचा पदरही न काढता, ती स्टुलावर चढून त्याला किल्ली देई. हे काम तिने कोणाला करू दिले नाही. आई २००९ साली प्रभूघरी गेली. ते घड्याळ आम्ही प्रत्येक बदलीच्या वेळी बरोबर नेत आलो. त्याचे काटे पाच वाजण्यास वीस मिनिटे कमी, या जागी थांबलेले आहेत. येणारा-जाणारा विचारी, "फादर, आई गेल्या ती हीच वेळ का?" आणि आम्ही मान किंचित हलवून गप्प राहत असू. ते उठताना हळहळत, कोणी क्रूसाची खूण करी.

ती वेळ ती नव्हती. आई सकाळी गेली. घड्याळ त्यानंतर तीन-चार दिवसांनी थांबले, कारण त्या रविवारी त्याला किल्ली द्यायला कोणी उरले नव्हते. एवढी साधी गोष्ट होती. पण लोकांनी आपणहून जी गोष्ट रचली, ती आम्ही चालू दिली. प्रवचनपीठावरून सत्याविषयी बोलणाऱ्या माणसाने दिवाणखान्यात एक मुके असत्य टांगून ठेवले होते.

असे का केले, याचे उत्तर त्या सकाळच्या चाळीस मिनिटांत आहे. आईचा फोन आला तेव्हा धर्मग्राम समितीची बैठक चालू होती. "जरा बरे वाटत नाही. येतोस का रे?" एवढेच ती म्हणाली. ती कधी बोलवत नसे, म्हणून आम्ही ओळखायला हवे होते. आम्ही म्हटले, "बैठक संपवून येतो." बैठकीचा विषय होता सणाचा मंडप: पत्र्याचा घ्यावा की कापडी, आणि त्याचा खर्च. ती चाळीस मिनिटे चालली. आम्ही पोचलो तेव्हा भावजयीने आईच्या हातात जपमाळ गुंडाळून ठेवली होती. हात अजून गरम होते. ज्या हातांनी कित्येकांना रुग्णाभ्यंग दिले, ते हात स्वतःच्या आईपाशी उशिरा पोचले.

हिज्कीया राजा मरणोन्मुख असताना भिंतीकडे तोंड फिरवून रडला, तेव्हा देवाने त्याचे आयुष्य पंधरा वर्षांनी वाढवले आणि खूण म्हणून आहाजच्या पायऱ्यांवरची सावली दहा पायऱ्या मागे नेली. आम्हांला पंधरा वर्षे नको होती. चाळीस मिनिटे हवी होती. त्या दिवसापासून वेल्सची औषधाची बाटली आणि शॉची काच आम्ही किती वेळा मनातल्या मनात हाताळली, ते प्रभूच जाणे.

आता दुसरी हकिगत. आमच्या धर्मग्रामात एक गृहस्थ आहेत, कारखान्यात फिटरचे काम करणारे, हाताचे कसबी. २०२१ सालच्या कोविडच्या दुसऱ्या लाटेत त्यांची पत्नी गेली. मुलगी तेव्हा शाळेत होती. दीडेक वर्षाने ती मुलगी एका संध्याकाळी आमच्याकडे आली. बराच वेळ चपलेच्या अंगठ्याशी खेळत उभी राहिली, मग म्हणाली, "फादर, पप्पा रोज रात्री मोबाईलवर आईचा आवाज ऐकतात. ती पाठवायची ना, तसले निरोप. 'येताना पाव आणा, कोळंबी साफ करून ठेवलीय', असे. तेच तेच. मी जेवायला हाक मारते, ती त्यांना ऐकू येत नाही."

आम्हांला हेगनची खिडकी आठवली. दुसऱ्याच दिवशी आम्ही त्यांच्या घरी गेलो. कथेचा अर्थ आपल्याला कळला, या समाधानात माणूस कसा कठोर होतो, ते त्या दिवशी कळले. आम्ही त्यांना सांगितले की मेलेल्यांना धरून ठेवणे ही श्रद्धा नव्हे, ते निरोप पुसून टाका, मुलीकडे पाहा. ते खाली मान घालून ऐकत होते. मग त्यांनी वर पाहिले.

"फादर, तुमच्या खोलीतले ते घड्याळ चालते का?"

आम्ही काही बोललो नाही.

"मी पाहिलंय ते. त्याच्यात काही बिघाड नाही. स्प्रिंग शाबूत आहे. नुसती किल्ली द्यायची आहे. तुम्ही देत नाही." आवाज वर गेला नव्हता. "तुमचे थांबलेले चालते, मग माझे का पुसायचे?"

त्या रात्री आम्हांला झोप लागली नाही. दिवाणखान्यात दिवा न लावता बसून राहिलो. घड्याळ समोर होते. मनात एक विचार आला, तो आधी कधी का आला नाही, याचे आश्चर्य वाटते. समजा, ते औषध त्या सकाळी आमच्या हाती असते. जग थांबवून आम्ही आईच्या खाटेपाशी वेळेत पोचलो असतो. पण मग तीही थांबलेली असती! सायकलस्वारासारखी, वादकांसारखी. डोळे उघडे, पण पापणी न लवणारी. "आलास का?" हे दोन शब्द बोलायलाही वेळ लागतो, आणि वेळ तर आम्ही थांबवलेली. हेगनचेही तेच. त्याला दिसते, पण त्याने मारलेली हाक काचेपलीकडे सहा वर्षांआधी पोचत नाही. वेळ थांबवण्याची जी जी युक्ती माणसाने कल्पिली, तिच्यात शेवटी एकच माणूस जागा राहतो, आणि तो एकटा असतो. हाकेला ओ मिळायची तर काळ वाहावाच लागतो.

संत ऑगस्टीनने आपल्या 'कबुलीजबाब' या ग्रंथाच्या अकराव्या भागात काळाचे मर्म सांगताना एका स्तोत्राचा दाखला दिला आहे. स्तोत्र म्हणू लागण्यापूर्वी ते सारे आपल्या अपेक्षेत असते. म्हणत गेलो की एकेक शब्द अपेक्षेतून स्मरणात जातो. आणि मधून आपले अवधान वाहत असते. सेमिनरीत हा भाग आम्ही परीक्षेसाठी पाठ केला होता. त्या रात्री तो समजला. स्तोत्राचा आवडता शब्द आला म्हणून तिथेच थांबून राहिलो, तर शब्द उरेल, स्तोत्र उरणार नाही.

आणि मग तो मंडप. येशूचे रूपांतर झाले त्या डोंगरावर पेत्रालाही वेळ थांबवावीशी वाटली. इथेच तीन मंडप उभारू, असे तो म्हणाला. प्रभूने त्याला रागावले नाही, पण मंडपही उभारू दिला नाही. तो शिष्यांना घेऊन खाली उतरला. आणि खाली कोण होते? एक बाप, आपल्या आजारी मुलाला घेऊन थांबलेला. मार्कच्या शुभवर्तमानात या दोन घटना एकमेकींना लागून आल्या आहेत. आम्ही दर वर्षी त्यावर प्रवचन करतो. पण आम्ही मंडपाच्या चर्चेत बसलो होतो आणि खाली आमची आई थांबली होती, ही गोष्ट इतकी वर्षे आम्ही त्या उताऱ्यात वाचली नव्हती. आता पुन्हा तोच मंडप आम्ही घड्याळाच्या रूपाने उभारून बसलो होतो, आणि खाली एक मुलगी जेवायला हाका मारीत होती.

दुसऱ्या दिवशी आम्ही त्या गृहस्थांकडे गेलो. त्यांची क्षमा मागितली, घड्याळाची खरी हकिगत सांगितली, चाळीस मिनिटांचीही. ती आम्ही प्रायश्चित्त संस्कारात पूर्वी सांगितली होती. पण धर्मग्रामातल्या माणसापुढे सांगणे निराळे. त्यांनी सारे ऐकून घेतले. "ते निरोप पुसू नका," आम्ही म्हटले, "आम्ही चुकीचे सांगितले." ते म्हणाले, "पुसणार नव्हतोच, फादर." त्यांची मुलगी दारात उभी होती. ती हसली की नाही, ते सांगता येत नाही.

रविवारी ते दोघे मिस्सानंतर हत्यारांची पिशवी घेऊन आले. त्यांनी घड्याळ भिंतीवरून उतरवले, मागची फळी काढली, जुने मेणचट तेल पुसून नवे दिले. पेटीच्या तळाशी किल्ली होती, तिच्या डोळ्यात आईने ओवलेला लाल दोरा तसाच. आम्ही ती हातात घेतली आणि हात पुढे होईना. मुलीने विचारले, "मी देऊ, फादर?" ती स्टुलावर चढली. किल्लीचा तो करकर आवाज आम्ही चौदा वर्षांनी ऐकला. काटे जुन्या जागेवरून हलले तेव्हा पोटात एकदा कालवले, हे लपवत नाही. मग लंबक चालू लागला.

त्या घरात सर्व काही ठीक झाले, असे लिहिण्याचा मोह होतो. तसे लिहिणार नाही. ते गृहस्थ अजूनही निरोप ऐकतात. मात्र मुलगी सांगते की आता तिला शेजारी बसवून ऐकतात, आणि कोळंबीचा निरोप आला की त्या दिवशी आईने मीठ विसरून सगळ्यांना कसे जेवू घातले, ते ती सांगते. पप्पांना ते ठाऊक नव्हते; ते त्या रात्री दुसऱ्या पाळीवर होते. मंद काचेत एवढे होत नाही. तिथे पाहणारा एकटा असतो. आठवण दोघांत वाटली की ती वाढते, बदलते, कधी हसवते. वेदीपाशी आपण जे स्मरण करतो, ते याच जातीचे, पण याहून फार मोठे आहे असे आम्ही मानतो. गेलेला प्रभू आपण काचेतून पाहत नाही. तो येतो आणि आपल्या हाकेला ओ देतो. मृतांसाठी मिस्सा करतानाही आपण त्यांना मागे ओढून आणत नाही. ते जिथे पोचले तिथल्या वाटेवर त्यांच्याबरोबर चार पावले चालतो.

१५८२ साली पोप तेरावे ग्रेगरी यांनी पंचांग सुधारले, तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर एकदम १५ ऑक्टोबर आला. आविलाच्या संत तेरेझाचे निधन त्याच रात्रीचे. दहा तारखा कागदावरून नाहीशा झाल्या, पण त्या थोर स्त्रीच्या आयुष्यातला एक क्षणही त्यामुळे कमी झाला नाही की वाढला नाही. घड्याळे आणि पंचांगे माणसाच्या हाती आहेत. क्षण दिलेला असतो. आमची चाळीस मिनिटे आता परत येणार नाहीत. ती आम्ही दयाळू पित्याच्या हाती ठेवली आहेत आणि आईच्याही. तिने आम्हांला मोठमोठ्या गोष्टींची क्षमा केली होती. हिचीही केली असेल.

आठवीतल्या त्या मुलाला आम्ही वेल्सची कथा सांगितली. त्याला ती यहोशवापेक्षा अधिक आवडली, यात नवल नाही. आणि समितीच्या बैठकीत आता कोणाचा फोन वाजला, तर आम्ही स्वतः म्हणतो, "आधी घ्या. मंडप थांबेल."

घड्याळ चालते आहे. आठवड्याला सुमारे पाच मिनिटे मागे पडते. फिटर म्हणतात, लंबकाखालचा स्क्रू जरा फिरवला की ठीक होईल. रविवारी किल्ली देताना काटे पुढे सारावे लागतात, तेवढ्यात आईसाठी एक 'नमो मरिया' होते. म्हणून स्क्रू अजून फिरवलेला नाही.